काळाचे विणकर आणि कोलिकनिकाय : एका प्रतिमेची चिकित्सा

अलीकडच्या कल्पनारम्य कथावाङ्मयात एक कल्पना पुनःपुन्हा भेटू लागली आहे. लोकदृष्टीआड विणकरांचा एक गूढ संघ नांदत असतो. त्यांच्या मागावर कापड नव्हे, तर काळ विणला जातो. धागा तुटला की युग कोसळते. आणि हा संघ पिढ्यान्‌पिढ्या त्या धाग्याची राखण करीत असतो. कल्पना मनोहर आहे यात शंका नाही. परंतु तिचे मूळ भारतीय परंपरेत आहे, असे जेव्हा सुचविले जाते आणि त्याच्या पुष्ट्यर्थ महाभारतातील उत्तंकाची कथा पुढे केली जाते, तेव्हा अभ्यासकाने थोडे थांबणे आवश्यक होते. या कल्पनेत काळ म्हणजे वस्त्र ही प्रतिमा आहे, विणकरांचा संघ ही सामाजिक संस्था आहे आणि राखण हे कार्य आहे. या तिन्ही गोष्टी आपल्याकडे आहेत; मात्र त्या एका ठिकाणी नाहीत. त्या कोठे कोठे आहेत आणि एकत्र का आल्या नाहीत, हे पाहणे हा प्रस्तुत टिपणाचा हेतू होय.

प्रथम उत्तंकाची कथा घेऊ. आदिपर्वातील पौष्य उपपर्वात ती येते. गुरुपत्नीकरिता पौष्य राजाच्या राणीची कुंडले घेऊन उत्तंक निघतो, तक्षक ती हरण करतो, आणि त्याच्या मागोमाग उत्तंक नागलोकात उतरतो. तेथे त्याला मागावर वस्त्र विणीत बसलेल्या दोन स्त्रिया दिसतात. त्यांचे तंतू काही काळे, काही पांढरे. जवळच बारा आऱ्यांचे एक चक्र सहा कुमार फिरवीत आहेत. परत आल्यावर गुरू त्याला उलगडा करून सांगतात : त्या दोन स्त्रिया म्हणजे धाता व विधाता, काळे-पांढरे तंतू म्हणजे रात्री व दिवस, सहा कुमार म्हणजे ऋतू आणि चक्र म्हणजे संवत्सर.

भाषेच्या विद्यार्थ्याला येथे पहिला खडा लागतो. धाता व विधाता हे शब्द पुल्लिंगी आहेत. दृश्यातील व्यक्ती स्त्रिया आहेत. भाष्य आणि दृश्य यांचे लिंग जुळत नाही. भांडारकर संस्थेची चिकित्सक आवृत्ती सिद्ध करताना (आदिपर्व १९३३ साली पूर्ण झाले) सुकथनकरांनी स्वीकारलेल्या पाठातही ही विसंगती कायम आहे. म्हणजे तिचा दोष लेखनिकाच्या माथी मारता येत नाही. आमच्या मते याचा सरळ अर्थ असा की दृश्य जुने आहे आणि त्याचा उलगडा नंतरचा आहे. दृश्याचे मूळ वेदात आहे. अथर्ववेदातील स्कंभसूक्तात (१०.७) दोन तरुणी सहा खुंट्यांचे वस्त्र आळीपाळीने विणतात; एक तंतू ओढते, दुसरी बसविते, आणि त्यांना त्या कामाचा अंत गाठता येत नाही. ऋग्वेदात उषा आणि रात्र यांना विणणाऱ्या स्त्रियांची उपमा मिळाली आहे. तेथे लिंगाची अडचण नाही, कारण उषा व रात्र हे शब्द मुळातच स्त्रीलिंगी होत. महाभारतकारांच्या काळी त्या दोघी विणकरणींना विधात्याचे पद मिळाले, पण त्यांचे लुगडे बदलणे कोणाला सुचले नाही.

आता महत्त्वाची गोष्ट. त्या दोघी विणतात, राखण करीत नाहीत. उत्तंक त्यांची स्तुती करतो. त्यांच्याकडे काही वाचविण्याची, काही परत आणण्याची याचना करीत नाही. कुंडले त्याला परत मिळतात ती अश्वरूपी अग्नीच्या साहाय्याने. मागावरचा धागा तुटण्याचे भय तर या कथेत मुळीच नाही. हे भय ग्रीक आहे. तेथील तीन दैवदेवतांपैकी एक सूत कातते, दुसरी मापते आणि तिसरी कापते. परंतु तेथे क्रिया कातण्याची आहे, विणण्याची नव्हे. आणि धागा एकेका मनुष्याच्या आयुष्याचा आहे, संवत्सराचा नव्हे. एक धागा कापता येतो, कारण तो एकाचाच असतो. रात्र व दिवस यांचे वस्त्र कापावयाचे कोणी आणि कोठे? या दोन प्रतिमा एकीत एक मिसळून जी तिसरी तयार होते तिला भारतीय म्हणणे म्हणजे दोन्ही परंपरांना अन्याय करणे होय. विणकामाने काळ राखण्याचे खरे उदाहरण ग्रीकांकडेच आहे, पण ते देवतेचे नव्हे : ओडिसीतील पेनेलोपी दिवसा विणते, रात्री उसवते आणि वरांना तीन वर्षे थोपवून धरते. काळ राखावयाचा तर विणलेले उसवावे लागते, हे त्या गृहिणीने जाणले होते.

आपल्याकडील विचार याहून निराळ्या वाटेने गेला आहे. बृहदारण्यकात (३.८) गार्गी याज्ञवल्क्याला विचारते की जे झाले, जे आहे आणि जे होणार असे म्हणतात ते सारे कशात ओतप्रोत विणलेले आहे? येथे भूत, वर्तमान व भविष्य हे वस्त्रच आहे. पण प्रश्न विणणाऱ्याविषयी नाही; आधाराविषयी आहे. उत्तर प्रथम आकाश असे येते आणि शेवटी अक्षर असे. ज्ञानेश्वरीतही (शके १२१२) तंतू आणि पट यांचा दृष्टांत येतो तो कार्य व कारण निराळे नाहीत हे दाखविण्यासाठी. आपल्या तत्त्वचिंतनाला विणकरापेक्षा सुताचे आकर्षण अधिक आहे. मराठीने ‘ओतप्रोत’ हा शब्द उचलला खरा, पण त्याचा अर्थ ‘काठोकाठ भरलेला’ असा करून टाकला. विणीची प्रतिमा जाऊन तेथे पाण्याची प्रतिमा आली. ‘ओतणे’ या क्रियापदाशी झालेले ध्वनिसाधर्म्य याला कारण असावे.

हा अर्थपालट एकाकी नाही. मराठी बोलीत काळाविषयी जे वाक्प्रचार आहेत ते पाहिले असता माग, धोटा, फणी, ताणा, बाणा, कांडी यांपैकी एकही उपकरण त्यांत आढळत नाही. भोर तालुक्यात पुणे-सातारा रस्त्यावर वरवे बुद्रुक हे गाव आहे. तेथील वृद्ध मंडळींशी बोलताना आमच्या कानी आलेले शब्द असे : दिवस भरले, घटका भरली, वेळ टळली, दिवस ढळला, आयुष्याची दोरी बळकट. दोरी आहे, पण ती वळलेली आहे, विणलेली नव्हे. आणि ती काळाची नसून एकट्या जिवाची आहे. बाकी सर्वत्र काळ भरतो, ढळतो, वाहतो. घटका भरते ती घटिकापात्रामुळे : तळाशी बारीक छिद्र असलेले तांब्याचे भांडे पाण्यावर सोडावयाचे, ते भरून बुडाले की एक घटका, म्हणजे २४ मिनिटे, आणि अशा ६० घटकांची अहोरात्र. यंत्र गेले, शब्द राहिला. गावगाड्यातही काळ राखणे हे जोशाचे काम. तो बलुतेदार, पंचांग त्याच्यापाशी. विणणारे साळी आणि सनगर हे अलुत्यांच्या याद्यांत येतात, म्हणजे गावाच्या दृष्टीने ते वर्षभर नडणारे नव्हेत. (वरवे बुद्रुक आणि वरवे खुर्द या जोडीतील ‘बुद्रुक’ व ‘खुर्द’ हे फार्सीतील थोरला-धाकटा या अर्थाचे शब्द होत. गावांनाही वय चिकटविण्याची हौस माणसाला असते. आणि तीही परभाषेतून भागविली जाते, हे जाता जाता नोंदवावे.)

तर मग विणकरांचा तो संघ केवळ कल्पित समजावयाचा काय? नव्हे. तो महाराष्ट्रात खरोखरीच होता, आणि त्याच्यावर काळाची राखण सोपविल्याचा लेख दगडावर कोरलेला आहे. नाशिकजवळील त्रिरश्मी डोंगरातील, ज्यांना आपण पांडवलेणी म्हणतो त्यांतील, दहाव्या लेण्यात क्षहरात क्षत्रप नहपान याचा जावई उषवदात याचा हा लेख आहे. वर्ष ४२, वैशाख मास. हे वर्ष शकाचे मानल्यास इ. स. १२० येते, हे गणित सर्वांना मान्य नाही, पण आपल्या मुद्द्याला त्याने बाध येत नाही. लेण्यात राहणाऱ्या भिक्षूंकरिता उषवदाताने ३००० काहापणांची ‘अक्षयनिवि’ दिली. ही रक्कम त्याने संघाच्या हाती ठेवली नाही, राजकोशातही ठेवली नाही. ती त्याने गोवर्धन येथील श्रेणींकडे ठेवली : एका ‘कोलिकनिकाया’कडे २०००, दुसऱ्याकडे १०००. कोलिकनिकाय म्हणजे विणकरांचा संघ. पहिल्याने शेकडा एक दराने व्याज द्यावयाचे, दुसऱ्याने शेकडा पाऊण दराने. मुद्दल कधीही परत द्यावयाचे नाही. फक्त वाढीचा उपभोग घ्यावयाचा.

हिशेब करून पाहण्यासारखा आहे. दर मासिक आहे. २००० वर दरमहा २०, म्हणजे वर्षाला २४०. लेखात पुढे म्हटले आहे की लेण्यात वर्षावास केलेल्या वीस भिक्षूंपैकी प्रत्येकाला चीवराकरिता बारा काहापण मिळावेत. वीस गुणिले बारा, २४०. एक कवडी उरत नाही, एक कवडी कमी पडत नाही. दात्याने आधी वस्त्रांची गरज ठरविली आणि तिच्यावरून उलट मुद्दल काढले, हे उघड आहे. दुसऱ्या संघाच्या १००० चे पाऊण दराने वर्षाला ९० होतात. ते ‘कुशणमूल’ या इतर किरकोळ खर्चासाठी. उत्तंकाच्या चक्राला बारा आरे आणि येथे प्रत्येकी बारा काहापण, असा मेळ घालून गूढार्थ काढण्याचा मोह येथे होऊ शकेल. तो आवरावा. वर्षाचे महिने बारा असतात, एवढाच त्याचा अर्थ.

हा लेख वाचताना लक्षात येते की विणकरांनी काळ राखला म्हणजे नेमके काय केले. पावसाळा संपला की चीवरे द्यावयाची वेळ येते. ती या वर्षी येईल, पुढल्या वर्षी येईल, दाता मेल्यावर येईल, त्याचा सासरा राज्यावरून गेल्यावरही येईल. ती आली की वीस माणसांच्या अंगावर वस्त्र चढले पाहिजे. ही हमी राजा देऊ शकत नाही. नहपानाचेच पाहा. गौतमीपुत्र सातकर्णीने त्याचा पाडाव केला, आणि नाशिक जिल्ह्यात जोगळटेंभी येथे १९०६ साली सापडलेल्या तेरा हजारांहून अधिक रौप्य नाण्यांच्या साठ्यात नहपानाच्या बहुसंख्य नाण्यांवर सातकर्णीने आपला ठसा पुन्हा मारलेला आढळला. नाण्यावरचे तोंड एका पिढीत पुसले जाते, हे क्षत्रपाच्या जावयाला ठाऊक असावे. म्हणून त्याने रक्कम मागावर बसणाऱ्यांकडे ठेवली. राज्य बुडाले तरी लोकांना कापड लागणारच, आणि कापड विणले जाते तोवर व्याज निघणार. शिवाय व्यवहार निगमसभेत वाचून दाखविला गेला व रिवाजाप्रमाणे फलकावर नोंदला गेला, असे लेखातच आहे. गुप्त संघाचे हे लक्षण नव्हे. ज्या संघाकडे काळ सोपवावयाचा तो चारचौघांत ओळखीचा असावा लागतो. गूढता आणि पत या दोन गोष्टी एका घरात नांदत नाहीत.

येथे ‘अक्षयनिवि’ या शब्दापाशी थांबणे प्राप्त आहे. संस्कृतात ‘नीवी’ या शब्दाचे दोन अर्थ आहेत : वस्त्राची कमरेची गाठ, आणि मुद्दल. कोशकार ते एकाखाली एक देतात आणि पुढे जातात. आम्हांस हे दोन अर्थ एकच वाटतात. पैसा वस्त्राच्या गाठीत बांधला जातो. म्हणून गाठ म्हणजे पैसा. मराठीत हा संबंध आजही जिवंत आहे. पैसा गाठीला असतो, कनवटीला असतो, पदरी पडतो. स्वतःचा खर्च झाला तर ती पदरमोड. पदरचे घालून काम केले असे आपण म्हणतो. ज्या भाषेत काळाचे वस्त्र नाही त्याच भाषेत धनाचे वस्त्र मात्र घरोघर आहे. अक्षयनिवि म्हणजे कधी न सोडावयाची गाठ. आणि ती बांधून ठेवावयाला दिली कोणाकडे, तर कापड विणणाऱ्यांकडे. ही योजना जाणूनबुजून केलेली असेल असे आम्ही म्हणत नाही. शब्दाच्या मनात काय होते ते दात्याच्या मनात असतेच असे नाही.

काळ मोजण्याच्या शब्दशः अर्थाने कोणा श्रेणीचा शोध घ्यावयाचा असेल तर तीही नाशिकलाच सापडण्याचा संभव आहे. आभीर राजा ईश्वरसेन याच्या नवव्या वर्षी विष्णुदत्ता या शक उपासिकेने आजारी भिक्षूंच्या औषधासाठी जी अक्षयनीवी ठेवली, ती ज्या श्रेणींकडे गेली त्यांत ‘ओदयंत्रिक’ ही एक आहे. ओदयंत्रिक म्हणजे जलयंत्रे करणारे. त्या यंत्रांत घटिकायंत्रेही असावीत असा तर्क करता येतो. त्याहून अधिक म्हणणे धाडसाचे होईल. पण कल्पनारम्य कथेला जर काळरक्षक संघच हवा असेल तर तिने विणकरांऐवजी यांचे दार ठोठवावयास हरकत नव्हती.

महाराष्ट्राबाहेरचा एक पुरावा येथे टाळता येत नाही. मंदसोर, म्हणजे प्राचीन दशपूर, येथील शिलालेख हा रेशमी वस्त्रे विणणाऱ्या श्रेणीचा स्वतःचा लेख आहे. लाट देशातून हे विणकर दशपुरास आले. मालव संवत ४९३ मध्ये, म्हणजे सुमारे इ. स. ४३६ मध्ये, कुमारगुप्ताच्या काळी व बंधुवर्म्याच्या अमलाखाली त्यांनी सूर्याचे मंदिर बांधले. पुढे त्याचा काही भाग पडला आणि संवत ५२९ मध्ये श्रेणीनेच ते दुरुस्त करविले. वत्सभट्टी या कवीने ही प्रशस्ती रचली. तीत विणकर केवळ विणकर राहिलेले नाहीत : काही धनुर्विद्येत निपुण, काही कथा सांगण्यात, काही धर्मचर्चेत, काही ज्योतिषात. ज्योतिष जाणणारे विणकर, सूर्याचे मंदिर आणि दोन नेमक्या तिथ्या, एक हेमंतातील व एक वसंतातील, त्या त्या ऋतूच्या वर्णनासह! काळाच्या विणकरांची कल्पना लढविणाऱ्यांना याहून जवळचे काही सापडणार नाही. तरीही या लेखातील मर्म ज्योतिषात नाही, दुरुस्तीत आहे. छत्तीस वर्षांच्या अंतराने तीच श्रेणी तेच मंदिर पुन्हा उभे करते. स्थलांतराने ती फुटली नाही, धंदे बदलले तरी फुटली नाही. कवीने रेशमी वस्त्राची थोरवीही गायिली आहे. अलंकार असले, तारुण्य असले तरी स्त्री रेशमी वस्त्राखेरीज प्रियकराकडे जात नाही, असा त्याचा भावार्थ. आणि ही कविता कमी, जाहिरात अधिक आहे, असे म्हटल्यास वत्सभट्टीचा अवमान होऊ नये. पैसे देणाऱ्यांचा माल त्याने वाखाणला.

विणकरांच्या स्वतःच्या परंपरा काय सांगतात, हे कोणी सहसा विचारीत नाही. स्वकुळ साळी समाजाचा मूळपुरुष जिव्हेश्वर हा शिवाच्या जिव्हेपासून झाला आणि त्याने देवांकरिता वस्त्र विणले. देवांग कोष्ट्यांची कथाही देवांना वस्त्र पुरविण्याचीच. तिच्यात सूत येते ते विष्णूच्या नाभिकमळातून. दोन्ही कथांत देव उघडे आहेत आणि त्यांची लज्जा राखणारा विणकर आहे. काळाचा त्यांत मागमूस नाही. मागावर प्रत्यक्ष बसणाऱ्याला माग म्हणजे विश्वरहस्य वाटत नाही. ते बाजूला उभे राहून पाहणाऱ्याला वाटते. विणणाऱ्याची कल्पनाशक्ती त्याच्या गिऱ्हाइकाकडे धावते, मग ते गिऱ्हाईक इंद्र का असेना. पंचतंत्रातील कौलिकाने स्वतःच विष्णूचे सोंग घेतले, परंतु तेही सुताराने करून दिलेल्या लाकडी गरुडावर बसून. गूढ विणकरांच्या कथांवर आमचा मुख्य आक्षेप हाच आहे. त्या विणकराला देवपण देतात आणि त्याच्यापासून त्याचे गिऱ्हाईक, त्याचा दर, त्याचा हिशेब, त्याची पत, सारे काढून घेतात. नाशिकच्या लेखात एकाही विणकराचे नाव नाही. मंदसोरच्या प्रशस्तीत कवीचे नाव आहे, विणकरांचे नाही. नाव आधीच गेलेले आहे. निदान काम तरी त्यांच्याकडे राहू द्यावे.

शब्दांची पुढील गतही याला साक्ष आहे. ‘श्रेणी’ हा शब्द आज आपल्या विद्यार्थ्यांना केवळ गुणपत्रिकेवरून माहीत आहे. ‘कोलिक’ शब्दातील स्वरमध्य ल चा मराठीत नियमाप्रमाणे ळ होऊन ‘कोळी’ झाला, आणि विणकर हा अर्थ गळून जाळे विणणारा कीटक एवढाच उरला. प्राकृतातील ‘कोलिअ’ शब्दात हे दोन्ही अर्थ एकत्र होते. (मासे धरणाऱ्या कोळ्यांच्या नावाचा प्रश्न स्वतंत्र आहे, तो येथे गुंतवू नये.) ज्याच्याकडे क्षत्रपाचा जावई अक्षय ठेव ठेवीत होता त्याचे नाव आज कोळिष्टकात उरले आहे, आणि दिवाळीच्या आधी आपण ते झाडून काढतो.

कापडाने काळ थोपवून धरावा असा प्रसंग मराठी जीवनात एकच आहे, आणि तो इतका परिचयाचा आहे की कोणी त्याकडे प्रतिमा म्हणून पाहत नाही. लग्नात वधू-वरांमध्ये अंतरपाट धरतात. मंगलाष्टके चालू असतात, पूर्वी शेजारी घटिकापात्र तरंगत असे, जोशी वेळेवर नजर ठेवून असे. आणि मुहूर्त भरताच पाट ओढून घेतला जातो. येथे मोजणारे भांडे निराळे आणि अडवून धरणारे वस्त्र निराळे. वस्त्र विणणारा तर मांडवात कोठेच नाही. शब्दाकडे पाहावे. संस्कृत ‘अंतःपट’ यावरून हा शब्द सरळ आला असता तर स्वरमध्य ट चा प्राकृतात ड झाला असता. मराठीत ट टिकला आहे आणि मागचा स्वर दीर्घ झाला आहे, यावरून मूळ जोडाक्षराचे असले पाहिजे : ‘पट्ट’, म्हणजे रेशमी वस्त्र, त्यातूनच ‘पाटाव’ हा रेशमी वस्त्राचा जुना मराठी शब्द आला. मंदसोरच्या विणकरांना त्यांच्या प्रशस्तीत ‘पट्टवाय’ म्हटले आहे. त्यातील ‘पट्ट’ तो हाच.